चालते रूळ, सोडलेले रूळ
बिदर–कलबुर्गी सीमाभागातील लोहमार्गांचा मागोवा

(शताब्दी व्याख्यानमालेतील व्याख्यान)



ग्रंथालयाच्या शताब्दी उत्सवात आगगाडीच्या रुळांवर व्याख्यान व्हावे, याचे काहींना नवल वाटण्याचा संभव आहे. परंतु सीमाभागातील मराठी ग्रंथालये आणि लोहमार्ग यांचा संबंध जुना आहे. पुण्या-मुंबईची वृत्तपत्रे या भागात टपालगाडीने येत. पुस्तकांची पार्सले स्टेशनावर उतरत आणि तेथून बैलगाडीने वा पुढे मोटारीने गावी पोहोचत. गाव स्टेशनापासून किती दूर, यावर वाचकाच्या हाती पडणारे वर्तमानपत्र किती दिवसांचे शिळे असेल हे ठरत असे. म्हणून या प्रदेशात वाचन कसे पोहोचले हे समजून घ्यायचे, तर रूळ कोठून कोठे गेले, कोणी घातले आणि कोठे थांबले, हे पाहणे अगत्याचे ठरते.

बिदर आणि कलबुर्गी हे दोन जिल्हे आणि त्यांना लागून असलेले लातूर, धाराशिव व सोलापूर हे महाराष्ट्रातील जिल्हे, एवढा प्रदेश या विवेचनासाठी घेतला आहे. या प्रदेशातील लोहमार्गांचे तीन प्रकार करता येतात. काही मार्ग आजही चालू आहेत. काही मार्गांवरून गाडी जाणे बंद झाले, रूळ उचलले गेले आणि केवळ मातीचा भराव उरला. तिसरा प्रकार न घातलेल्या मार्गांचा. दोन शेजारी गावांमध्ये मार्ग असायला हवा होता, पण तो कित्येक पिढ्या झालाच नाही, अशी ही उदाहरणे होत. नकाशावर पहिला प्रकार ठळक दिसतो, दुसरा पुसट दिसतो आणि तिसरा दिसतच नाही. या प्रदेशाच्या घडणीत मात्र तिसऱ्याचा वाटा पहिल्या दोहोंहून कमी नाही.

हिंदुस्थानातील पहिली प्रवासी आगगाडी 16 एप्रिल 1853 रोजी मुंबईहून ठाण्यास गेली, हे सर्वश्रुत आहे. ती चालविणाऱ्या ग्रेट इंडियन पेनिन्शुला रेल्वेने, म्हणजे लोकांच्या बोलण्यातील जी. आय. पी. ने, पुढे आपला आग्नेय मार्ग पुण्यावरून 1860 मध्ये सोलापूरपर्यंत आणला. तोच मार्ग दुधनी, गुलबर्गा, शहाबाद, वाडी असा निजामाच्या मुलखातून जाऊन 1871 मध्ये रायचूरला मद्रास रेल्वेस मिळाला. मुंबई आणि मद्रास ही दोन इलाख्यांची ठाणी जोडणे हा त्याचा हेतू होता. वाटेतील गावांची सोय हा हेतू नव्हता. म्हणून अभियंत्यांनी जमिनीचा चढ-उतार आणि नद्यांवरील पुलांची सोय पाहून रेषा आखली, आणि जी गावे त्या रेषेत आली नाहीत ती बाजूला राहिली.

याचा पुरावा स्टेशनांच्या नावांतच आहे. अक्कलकोट रोड, गाणगापूर रोड, बार्शी रोड, लातूर रोड ही नावे प्रवाशांच्या तोंडी इतकी रुळली आहेत की, त्यांतील 'रोड' या शब्दाकडे कोणाचे लक्ष जात नाही. स्टेशनाच्या नावात 'रोड' असणे याचा अर्थ असा की, गाव येथे नाही. येथून गावाकडे रस्ता जातो. स्वामी समर्थांच्या दर्शनास निघालेला भाविक अक्कलकोट रोडला उतरतो, पण अक्कलकोट तेथून आणखी काही मैलांवर असते. दत्तभक्त गाणगापूर रोडला उतरतात आणि भीमा-अमरजेच्या संगमाकडे पुढचा प्रवास वेगळ्या वाहनाने करतात. ही दोन्ही क्षेत्रे मराठी घरांतून पिढ्यान् पिढ्या श्रद्धेची ठिकाणे राहिली. तेथे जाणाऱ्या लक्षावधी माणसांनी एका मुलखी सोयीच्या, व्यापारी व लष्करी मार्गाला यात्रेचा मार्ग बनविले. रेल्वे कंपनीच्या हिशेबात ही माणसे मुळात नव्हती.

या मार्गाने गुलबर्गा जिल्ह्याला आणखी एक ओळख दिली. शहाबादच्या आसपास सापडणारा थरांचा चुनखडीचा दगड रेल्वेमुळे दूरवर जाऊ लागला. पुण्या-मुंबईच्या चाळींत, वाड्यांत आणि शाळांत जी 'शहाबादी' फरशी घातली गेली, ती येथून मालगाडीने गेलेली. ज्यांनी हे गाव कधी पाहिले नाही, त्यांच्याही घरात त्याचे नाव पायाखाली होते. पुढे त्याच दगडावर शहाबाद व वाडी येथे सिमेंटचे कारखाने उभे राहिले आणि हा मार्ग आजही प्रवाशांइतकाच सिमेंटच्या वाहतुकीवर पोसला जातो.

मुख्य मार्ग निजामाच्या मुलखातून गेला, पण खुद्द हैदराबाद त्यापासून दूर राहिले. सिकंदराबादला इंग्रजांची मोठी छावणी होती. तिला मुख्य मार्गाशी जोडण्याची निकड इंग्रजांना होती. नबाब मीर महबूब अली खान तेव्हा अल्पवयीन होते आणि राज्याची सूत्रे दिवाण सर सालारजंग यांच्या हाती होती. निजाम सरकारच्या खर्चाने वाडीपासून सिकंदराबादपर्यंतचा रुंदमापी मार्ग झाला आणि 1874 मध्ये तो वाहतुकीस खुला झाला. वाडी हे लहानसे ठिकाण त्यामुळे जंक्शन झाले. चित्तापूर, सेडम, तांडूर, विकाराबाद ही स्थानके या मार्गावर आली. मार्गाचा लाभ संस्थानाच्या तिजोरीस होईल अशी आशा दाखविण्यात आली होती. प्रत्यक्षात त्याचे ओझे त्या तिजोरीवर बराच काळ राहिले.

या प्रश्नावर संस्थानातील प्रजेने आवाज उठविल्याची एक घटना येथे सांगितली पाहिजे. 1883 मध्ये रेल्वेचा कारभार लंडनमधील कंपनीकडे सोपवून मार्ग चांद्याकडे वाढविण्याची योजना पुढे आली. कराराच्या अटी लोकांपुढे मांडाव्यात, अशी मागणी हैदराबादेतील सुशिक्षितांनी केली. त्यांत मुल्ला अब्दुल कय्यूम आणि डॉ. अघोरनाथ चट्टोपाध्याय हे अग्रभागी होते. सरोजिनी नायडूंचे वडील असलेल्या या अघोरनाथांना त्याच वर्षी संस्थानाबाहेर घालविण्यात आले. निजामाच्या राज्यातील आधुनिक सार्वजनिक चळवळीचा आरंभ ज्या प्रसंगांनी झाला, त्यांत रेल्वेचा हा वाद गणावा लागेल. करार मात्र झाला आणि निजाम्स गॅरंटीड स्टेट रेल्वे या नावाने कंपनी उभी राहिली.

मराठवाड्याकडे याच कंपनीचा दुसरा हात वळला तो गोदावरीच्या खोऱ्यातून. सिकंदराबादहून निजामाबाद, नांदेड, परभणी, जालना, औरंगाबाद असा मनमाडपर्यंतचा 391 मैलांचा मार्ग 1899 ते 1901 या काळात, म्हणजे मोठ्या दुष्काळाच्याच वर्षांत पुरा झाला. तो मीटरमापी होता. मनमाडला जी. आय. पी. चा रुंदमापी मार्ग होता. त्यामुळे मराठवाड्यातील कापसाची प्रत्येक गाठ मनमाडला एका डब्यातून उतरवून दुसऱ्या डब्यात चढवावी लागे.

येथे मापाविषयी थोडे स्पष्टीकरण द्यावयास हवे. दोन रुळांमधील अंतर म्हणजे गेज किंवा माप. रुंदमापी मार्गात ते साडेपाच फूट, मीटरमापी मार्गात एक मीटर आणि या भागातील अरुंदमापी मार्गात अडीच फूट असे. अरुंद मार्गाला जमीन कमी लागते, वळणे तीव्र घेता येतात, पूल हलके चालतात. म्हणून तो स्वस्त पडतो. परंतु एका मापाची गाडी दुसऱ्या मापावर जाऊ शकत नाही. जेथे दोन मापे भेटतात तेथे माल उतरवावा लागतो, वेळ जातो, हमाली द्यावी लागते, आणि नाशवंत माल नासतो. प्रवाशाला सामान डोक्यावर घेऊन दुसऱ्या फलाटावर जावे लागते आणि पुढची गाडी पहाटेची असेल तर रात्र बाकावर काढावी लागते. नकाशावर दोन रेषा एका बिंदूत मिळालेल्या दिसल्या, तरी मापे वेगळी असतील तर त्या जोडलेल्या नसतात. बिदर-लातूरच्या प्रदेशात असे तुटलेले सांधे एकाहून अधिक होते.

त्यांतील सर्वांत प्रसिद्ध मार्ग म्हणजे बार्शी लाईट रेल्वे. तिच्या निर्मितीची हकीकत मनोरंजक आहे. एव्हरार्ड कॅल्थ्रॉप नावाचा इंग्रज अभियंता 1882 मध्ये जी. आय. पी. च्या नोकरीत हिंदुस्थानात आला. बार्शी ही त्या काळी कापसाची व तेलबियांची मोठी पेठ होती, पण मुख्य मार्ग तिच्यापासून वीस-बावीस मैलांवरून गेला होता. तेथील स्टेशनाचे नावच बार्शी रोड. या दोन ठिकाणांमध्ये अडीच फुटी मार्ग घालावा, अशी योजना कॅल्थ्रॉपने मांडली. हलक्या रुळांवरूनही भरपूर माल नेता येतो, मात्र प्रत्येक आसावर पडणारे वजन सारखे आणि पाच टनांच्या आत ठेवले पाहिजे, हे त्याचे सूत्र होते. त्याप्रमाणे त्याने इंजिने व डबे तयार करवून घेतले, इंग्लंडात लीड्सजवळ त्यांची चाचणी घेतली आणि 1897 मध्ये मार्ग सुरू केला. पुढे हाच गृहस्थ विमानातून उडी मारण्याच्या पॅराशूटच्या शोधासाठीही ओळखला गेला.

बार्शी लाईट एका बाजूस 1906 मध्ये पंढरपूरला गेली. दुसऱ्या बाजूस तिने ब्रिटिश मुलखाची हद्द ओलांडून निजामाच्या उस्मानाबाद जिल्ह्यात प्रवेश केला आणि तडवळे, ढोकी, मुरूड या भागातून 1911 मध्ये लातूर गाठले. 1927 मध्ये पंढरपूरकडील टोक मिरजेपर्यंत वाढले. एकूण लांबी 202 मैल झाली. आषाढी-कार्तिकीला वारकरी आणि हंगामात कापूस, अशी तिची दुहेरी कमाई होती. गाडी सावकाश चाले. बार्शी रोड स्टेशनास पुढे कुर्डुवाडी हे नाव मिळाले, आणि तेथील रेल्वेच्या कारखान्याने त्या गावाला रोजगार दिला. 1 जानेवारी 1954 रोजी सरकारने ही रेल्वे कंपनीकडून विकत घेतली.

बिदरला मात्र अजून रूळ आलेले नव्हते. बहमनी आणि बरीदशाही राजवटींची ही राजधानी, महमूद गावानच्या मदरशाचे हे शहर, विसाव्या शतकाची पहिली तीस वर्षे बैलगाडी आणि टांग्यावरच अवलंबून होते. 1930 मध्ये निजाम सरकारने कंपनीकडून रेल्वे विकत घेतली. त्याच वर्षी विकाराबादहून बिदरपर्यंत रुंदमापी मार्ग सुरू झाला आणि 1932 पर्यंत तो भालकी, कमालनगर, उदगीर, लातूर रोड असा परळी वैजनाथास पोहोचला. परळीला परभणीकडून आलेला मीटरमापी मार्ग होता. तेथे पुन्हा दोन मापांची गाठ पडली. लातूर रोड हे तर नावाप्रमाणे लातूरपासून दूर. लातूर शहरात अडीच फुटी गाडी येत होती, आणि काही कोसांवरून साडेपाच फुटी गाडी जात होती. बिदरच्या व्यापाऱ्याला पंढरपूरला अथवा मिरजेला माल पाठवायचा, तर तो मार्गात निदान एकदा तरी उतरणार हे ठरलेलेच होते.

याच सुमारास रेल्वेने एक दूरदृष्टीचे काम केले. 1932 मध्ये निजाम स्टेट रेल्वेने आपला रस्ते वाहतूक विभाग काढला आणि 27 बसगाड्यांनिशी सेवा सुरू केली. 'रोड' स्टेशनापासून गावापर्यंतचे अंतर तोडण्याचा तो एक उपाय होता. आजच्या राज्य परिवहनाच्या बसगाड्यांचा एक पूर्वज रेल्वेच्याच घरात जन्मला, ही गोष्ट थोड्यांना ठाऊक असते.

हे मार्ग लोकांसाठी घातले गेले नव्हते, पण लोकांनी ते आपल्या कामी लावले. संस्थानात सभा-संमेलनांवर कडक निर्बंध होते. 'गश्ती निशाण 53' या फतव्याने सभेस पूर्वपरवानगी सक्तीची केली होती. अशा काळात ग्रंथालय हेच माणसांनी एकत्र येण्याचे एक निरुपद्रवी दिसणारे ठिकाण होते. हैदराबादचे मराठी ग्रंथसंग्रहालय 1922 मध्ये स्थापन झाले ते याच परिस्थितीत. पुढे महाराष्ट्र परिषदेची अधिवेशने भरू लागली. पहिले 1937 मध्ये परतूर येथे, त्यानंतरचे 1938 मध्ये लातूरला आणि 1941 मधील उमरीला. ही तिन्ही गावे रेल्वेवरची आहेत. परतूर व उमरी गोदावरी खोऱ्याच्या मार्गावर, लातूर बार्शी लाईटवर. प्रतिनिधी कोठून कसे येणार याचा विचार संयोजकांना करावाच लागत असणार, आणि त्या विचारात गाडीच्या वेळापत्रकाला स्थान असणे स्वाभाविक होते.

संस्थानाच्या अखेरच्या वर्षात तर रेल्वे संघर्षाच्या मध्यभागी आली. मुंबई–मद्रास मार्गाचा मोठा टप्पा निजामाच्या मुलखातून जात होता. देश स्वतंत्र झाला होता, पण स्वतंत्र देशाच्या दोन भागांना जोडणारी मेल अजून विलीन न झालेल्या संस्थानातून धावत होती. 22 मे 1948 रोजी गाणगापूर स्टेशनावर या मेलगाडीवर रझाकारांनी हल्ला केला. त्याचे पडसाद देशभर उमटले आणि हैदराबादचा प्रश्न केवळ संस्थानापुरता नाही, हे उघड झाले. चार महिन्यांनी, सप्टेंबर 1948 मध्ये पोलीस कारवाई होऊन संस्थान भारतात विलीन झाले. दत्तदर्शनाला जाणारे यात्रेकरू ज्या फलाटावर उतरतात, तो या इतिहासाचाही साक्षीदार आहे.

1 नोव्हेंबर 1956 रोजी भाषावार प्रांतरचना झाली. हैदराबाद राज्याचे तीन भाग झाले, आणि जुन्या बिदर जिल्ह्याचेही. उदगीर, अहमदपूर, निलंगा हे तालुके मराठवाड्यासह मुंबई राज्यात गेले. जहीराबादकडील भाग आंध्र प्रदेशात गेला. बिदर, भालकी, हुमनाबाद, औराद हा भाग म्हैसूर राज्यात राहिला. रेल्वेचे रूळ मात्र जागचे हलले नाहीत. विकाराबाद–परळी या मार्गावरील प्रवासी आज तेलंगणात गाडीत बसतो, जहीराबाद सोडल्यावर कर्नाटकात येतो, बिदर, भालकी, कमालनगर ही स्थानके मागे टाकतो आणि उदगीरला महाराष्ट्रात पोहोचतो. ज्या वेळी हा मार्ग आखला गेला त्या वेळी त्याचा बराचसा भाग एकाच जिल्ह्यात होता. भालकीच्या घरातील लेक उदगीरला दिलेली असते, कमालनगरचा मुलगा उदगीरच्या महाविद्यालयात शिकतो. त्यांना आपण राज्य ओलांडतो याची जाणीव फलाटावरच्या पाटीची लिपी बदलते तेव्हाच होते. सीमाभागातील मराठी बोलणे टिकले, त्याची कारणे सांगताना शाळा, ग्रंथालये आणि कीर्तने यांचा उल्लेख होतो. त्यांच्या शेजारी या गाडीलाही जागा द्यावी लागेल.

आता सोडलेल्या मार्गांकडे वळावयाचे. 1990 च्या दशकापासून रेल्वेने सर्व मार्ग एका मापाचे, म्हणजे रुंदमापी करण्याचे धोरण अवलंबिले. गोदावरी खोऱ्याचा मार्ग बदलला, परळी–परभणी बदलला. बार्शी लाईटचे रूपांतर टप्प्याटप्प्याने झाले. लातूर–उस्मानाबाद हा टप्पा 2007 मध्ये आणि उस्मानाबाद–कुर्डुवाडी 2008 मध्ये सुरू झाला. पंढरपूर–मिरज मार्ग त्यानंतर पुरा झाला. बहुतेकांची समजूत अशी असते की, जुने रूळ काढून त्याच जागी नवे बसविले. सर्वत्र तसे झालेले नाही. अडीच फुटी गाडी जे तीव्र वळण सहज घेते, ते मोठ्या गाडीला जमत नाही. हलका पूल मोठ्या इंजिनाचे वजन पेलत नाही. शिवाय उस्मानाबाद, म्हणजे आजचे धाराशिव, हे जिल्ह्याचे ठिकाण असूनही जुन्या मार्गापासून बाजूला होते. त्याला मार्गावर आणण्यासाठी नवी रेषा आखावी लागली. त्यामुळे ठिकठिकाणी जुना मार्ग एकीकडे राहिला आणि नवा दुसरीकडून गेला.

असा सोडलेला मार्ग ओळखावा कसा? रूळ आणि स्लीपर आधीच उचललेले असतात. पण जमीन लवकर विसरत नाही. रेल्वेला तीव्र चढ चालत नाही, म्हणून खोलगट भागात मातीचा लांब भराव घातलेला आणि उंचवट्यात खाच खोदलेली असते. शेताच्या मध्यातून बाभळींनी भरलेला, एकसारख्या उंचीचा बांध दूरवर गेलेला दिसला आणि तो हळूहळू, कोन न करता वळत असला, तर तो बहुधा जुना रेल्वेमार्ग समजावा. बैलगाडीची वाट अशी वळत नाही. ओढ्यावर घडीव दगडाची मोरी दिसते आणि तिच्यावरून रस्ता जात नसतो. रुळांचे तुकडे कुंपणाच्या खांबांच्या रूपाने उभे असतात. बांधाच्या काळ्या मातीत मूळची खडी सापडते. जमिनीच्या कागदपत्रांत, महाराष्ट्रात सातबारावर आणि कर्नाटकात पहाणीपत्रकावर, चिंचोळ्या पट्ट्याची मालकी रेल्वेकडे दाखविलेली आढळते. भूमापन खात्याचे जुने नकाशे आणि उपग्रहाने घेतलेली आजची चित्रे शेजारी ठेवली, तर तो पट्टा वेगळ्या रंगाच्या रेघेसारखा स्पष्ट उमटतो.

शहरांत या खुणा फार लवकर नाहीशा होतात, परंतु नावे टिकतात. लातूरमध्ये 'जुनी रेल्वे लाईन' हा पत्ता आजही टपालावर लिहिला जातो. नवे स्टेशन शहराच्या बाहेरच्या अंगाला गेले, गाडी जाऊन वर्षे लोटली, पण पत्त्यात ती आहे. ज्या मुलांनी ती छोटी गाडी पाहिलीच नाही, तीही घराचा पत्ता सांगताना तिचे नाव घेतात.

या जुन्या मार्गाचे महत्त्व 2016 च्या उन्हाळ्यात साऱ्या देशाला कळले. सलग अवर्षणाने लातूर शहराचे पिण्याचे पाणी आटले होते. तेव्हा मिरजेहून रेल्वेने पाणी आणण्याचे ठरले. एप्रिल महिन्यात 10 टाक्यांची पहिली गाडी सुमारे पाच लाख लिटर पाणी घेऊन लातूरला आली. पुढे 50 टाक्यांच्या गाड्या येऊ लागल्या. लोकांनी तिला 'जलदूत' म्हणून ओळखले. मिरज, पंढरपूर, कुर्डुवाडी, बार्शी, लातूर हा तिचा मार्ग होता. म्हणजे बार्शी लाईट रेल्वेने एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत जोडलेला तोच पट्टा. कापसासाठी आखलेल्या रेषेने एका तहानलेल्या शहराला पाणी दिले. हे शक्य झाले ते मापाचा भेद मिटला होता म्हणून. हीच आपत्ती दहा वर्षे आधी आली असती, तर कृष्णेचे पाणी कुर्डुवाडीच्या पुढे थेट नेता आले नसते. सोडलेल्या मार्गाविषयी हळहळ वाटणे साहजिक आहे. पण त्याच्या जागी आलेल्या मार्गाने जे दिले, तेही हिशेबात धरले पाहिजे.

शेवटी न घातलेल्या मार्गाविषयी. बिदर आणि गुलबर्गा ही एकाच प्रदेशातील दोन जुनी शहरे. बहमनी सुलतानांची राजधानी आधी गुलबर्ग्यास होती आणि नंतर ती बिदरला हलली. दोहोंमधील अंतर साधारण 110 किलोमीटर. गुलबर्ग्याला 1871 पर्यंत रेल्वे आली, बिदरला 1930 मध्ये आली. दोन्ही रुंदमापी. तरीही त्या दोघांमध्ये मार्ग नव्हता. बिदरच्या माणसाला रेल्वेने गुलबर्ग्यास जायचे तर आधी पूर्वेस विकाराबाद, तेथून पश्चिमेस वाडी आणि मग गुलबर्गा असा दुप्पट फेरा पडे. कारण उघड आहे. एक मार्ग मुंबई-मद्रासकडे पाहणारा होता, दुसरा हैदराबादकडे. हुमनाबाद, कमलापूर या मधल्या गावांकडे दोहोंचीही पाठ होती. 1956 नंतर दोन्ही शहरे एका राज्यात आली, पण रेल्वेच्या कारभारात ती वेगवेगळीच राहिली: कलबुर्गी सोलापूर विभागाकडे, बिदर सिकंदराबाद विभागाकडे. दोन घरांच्या मधल्या भिंतीसारखा हा प्रश्न कोणाचाच नव्हता.

1990 च्या दशकाच्या अखेरीस हा मार्ग मंजूर झाला. तेव्हा त्याचा खर्च सुमारे 370 कोटी रुपये धरला होता. काम जवळजवळ वीस वर्षे रेंगाळले. बिदरकडून खानापूर येथे जुन्या मार्गास फाटा फुटतो. तेथून हल्लीखेड, हुमनाबाद, कमलापूर असा तो कलबुर्गीस जातो. मधल्या डोंगराळ भागात मरगुत्तीजवळ दीड किलोमीटरहून अधिक लांबीचा बोगदा खोदावा लागला. 29 ऑक्टोबर 2017 रोजी मार्गाचे उद्घाटन झाले तेव्हा खर्च सुमारे 1,542 कोटी रुपयांवर गेला होता. बिदरला पहिली गाडी आल्यापासून 87 वर्षांनी ती कलबुर्गीशी थेट जोडली गेली. बिदर शहरालगतच्या कोळार परिसरात आज कारखान्यांची वसाहत आहे. अशा ठिकाणच्या कामगाराला, कलबुर्गीच्या विद्यापीठात जाणाऱ्या विद्यार्थ्याला आणि मोठ्या रुग्णालयासाठी धावणाऱ्या कुटुंबाला या 87 वर्षांची किंमत कोणत्याही अंदाजपत्रकात सापडणार नाही. ती कोणी मोजलीच नाही. कारण जो मार्ग नसतो त्याचे वेळापत्रक नसते, त्याचा तोटा कोणत्याही अहवालात येत नाही.

या सर्व विवेचनाचे तात्पर्य थोडक्यात सांगता येईल. या सीमाभागात रूळ कोठे असावेत हे येथील माणसांनी ठरविले नाही. आधी इलाख्यांच्या गरजेने, मग संस्थानाच्या तिजोरीने, मग कंपन्यांच्या नफ्याने ते ठरविले. तरी ज्या ज्या ठिकाणी रूळ आले, तेथे माणसांनी त्यांवरून यात्रा केल्या, सभा भरविल्या, सोयरिकी जोडल्या आणि पुस्तके आणली. म्हणून या मार्गांचा इतिहास इंजिनांचा आणि पुलांचा राहत नाही. तो या प्रदेशातील लोकांच्या येण्या-जाण्याचा इतिहास होतो.

तो इतिहास जपण्याचे काम रेल्वे खाते करील अशी अपेक्षा धरता येत नाही. खात्याला चालत्या गाड्यांची काळजी असते. जुनी वेळापत्रके, पुठ्ठ्याची तिकिटे, स्टेशनांची छायाचित्रे, कापसाच्या पावत्या, सांधेवाले, गँगमन व गार्ड म्हणून आयुष्य घालविलेल्या वृद्धांच्या आठवणी, ही सामग्री घराघरांतील ट्रंकांत आणि माणसांच्या मनांत आहे, आणि दर वर्षी ती कमी होत आहे. शंभर वर्षे पुस्तके सांभाळणाऱ्या ग्रंथालयाने एक कपाट या कागदांसाठी मोकळे केले आणि शाळा-महाविद्यालयांतील मुलांना नकाशे देऊन जुना भराव शोधण्यास पाठविले, तर फार मोठा खर्च येणार नाही. आज त्या भरावावर बाभळी आहेत. उद्या तेथे नांगर फिरेल किंवा घरे उभी राहतील, आणि तसे होणे योग्यही असेल. मात्र त्यापूर्वी तो कोठून कोठे जात होता, याची नोंद या ग्रंथालयाच्या दप्तरी असावी.

ही विनंती सभासदांपुढे ठेवून, आणि ग्रंथालयाच्या पुढील शतकास शुभेच्छा देऊन, हे व्याख्यान येथे पुरे होत आहे.